सरकारी उवा

एलमच्या मेनोनाइट या ख्रिस्ती पंथात हत्याराला हात लावत नाहीत. म्हणून दुसरं महायुद्ध पेटल्यावर अमेरिकन सरकारनं त्याला छावणीत बसवलं आणि त्याच्यासारख्या वीस जणांच्या बनियनांत चक्क उवा सोडल्या. उवांमुळे सैनिक तापानं पटापट मरत होते. उवा मारायची पावडर या पोरांवर तपासायची होती. तीन आठवडे पोरं नुसती खाजवत होती, पण एकानंही एक ऊ चिरडली नाही.

सोमवारी एलमची आई सलोमी भेटायला आली. "आमच्या घराण्यात चारशे वर्षांत कुणी कुणाचा जीव घेतलेला नाही हो," तिनं प्रयोग करणाऱ्या डॉक्टरांना ठसक्यात सांगितलं.

मग तिला उवांच्या मोजणीसाठी काढून ठेवलेली बनियनांची टोपली दिसली. सोमवार म्हणजे तिचा धुण्याचा वार! तिनं बाह्या सरसावल्या आणि दुपारपर्यंत वीसच्या वीस बनियनं हंड्यात उकळून, पिळून दोरीवर टाकली.

"शिकलेसवरलेले ना तुम्ही? पोरांची ही दशा?" ती उलट डॉक्टरांवरच कडाडली.



डॉक्टरांनी हंड्यात वाकून पाहिलं. "एलम, सरकारनं चुकीच्या माणसाला बोलावलं रे. तुझ्या आईला बोलावलं असतं, तर लढाई कधीच संपली असती."