क्रमांक नसलेला गंधार

"गंधार चढतोय," रेवतीचे गुरू अण्णा पुन्हा म्हणाले. रेवतीने तंबोरा खाली ठेवला. तिचा गंधार जागेवरच होता. त्याला चढवत होते ते अण्णांचे नवे कान.

बहिरेपण आल्यावर अण्णांनी कृत्रिम कान बसवून घेतले होते. त्या कानांत पेटीच्या पट्ट्यांसारखे ठरावीक सूर क्रमांक देऊन भरलेले होते. ऐकलेला प्रत्येक स्वर ते कान जवळच्या क्रमांकाच्या सुरावर नेऊन ठेवत. रेवतीचा षड्ज सेकंदाला दोनशे वीस कंपनांचा. तो सत्तावन्न क्रमांकावर नेमका बसे. गंधार मात्र दोनशे पंचाहत्तरचा, आणि त्याला क्रमांकच नव्हता. कान त्याला एकसष्टवर, म्हणजे दोनशे सत्त्याहत्तरवर ढकलत.

ती अण्णांना घेऊन कान बसवणाऱ्या डॉक्टर चित्र्यांकडे गेली आणि गंधाराचं सगळं सांगितलं.

"क्रमांक बंद करता येतील," डॉक्टर म्हणाल्या, "पण त्यांच्याच आधाराने हे कान शब्द उकलतात. मग बोलणं कळणार नाही. आणि एकदा सवय मोडली की ती परत लागत नाही."

रेवती घाबरली. "नको, अण्णा. नातवाशी गप्पा मारायच्या नाहीत का तुम्हाला?"

"त्याला लिहून दाखवायला सांगेन. पण तुला चुकीचा गंधार शिकवून मी जाणार नाही. बंद करा, डॉक्टर."

डॉक्टरांनी कळ दाबली.

"अण्णा?" रेवतीने हाक मारली. त्यांना नुसती खरखर ऐकू आली असावी. त्यांनी हातानेच गायची खूण केली.

तिने गंधार लावला. अण्णांनी डोळे मिटून थोडा वेळ ऐकलं आणि मग त्यात आपला आवाज मिसळला. दोघांच्या स्वरांत केसभरही फट उरली नव्हती.