धुक्यात कातलेलं सूत

मुलांनो, क्षणभर अशी कल्पना करा, की एक भलंमोठं चित्र आहे आणि तुम्ही त्याच्या पाठीमागे बसला आहात. चित्र तुम्हीच विणताय, पण तुम्हाला दिसतात त्या नुसत्या गाठी आणि लोंबणारी सुतं. पुढची बाजू काम पुरं होईपर्यंत कुणालाच बघता येत नाही.

कुवेन आजोबा असे पाठीमागे बसूनच म्हातारे झाले. आज दुपारी त्यांनी शेवटची कांडी संपवली, सूत दातांनी तोडलं आणि मागाला पाठ टेकून ते नुसतेच बसून राहिले.

त्यांचं गाव खाली दरीत होतं, आता तळ्याच्या पोटात. पाणी चढलं त्या दिवशी लोकांनी भांडीकुंडी तिथेच टाकली आणि सुताची गाठोडी तेवढी डोक्यावर घेऊन या उघड्या माळावर आले. दरीतलं सूत धुक्यात कातलेलं. असं सूत ऐकलेलं विसरत नसे. त्याचा ओढा विणला, की मागाच्या पलीकडून पाणी वाहताना ऐकू येई. जातं विणलं, की जातं घरघरे.

कुवेननी त्या सुताने एका कापडात सगळं गाव विणलं होतं. वळणावरच्या घराची पायरी होती, आणि पायरीवर बदकांना दाणे टाकणारी त्यांची मुलगी होती. त्यांच्या नातीची, मिओची आई. मिओचा जन्म माळावरच झाला आणि त्याच दिवशी आई गेली. मिओने तिला पाहिलं नव्हतं, पण ऐकलं होतं. लहानपणी ती मागाखाली झोपायची, तेव्हा कापडाच्या पलीकडून आई बदकांना बोलवायची, "ये ये, क्वेऽऽ ये." मिओ माळावरच्या शेळ्यांनाही तीच हाक घालायला शिकली.

हल्ली मात्र ती हाक आजोबांना ऐकू येईनाशी झाली होती. कान गेले माझे, असं ते सगळ्यांना सांगत. मिओ एकदा म्हणाली, की तिलाही काही ऐकू येत नाही. त्यावर ते हसले आणि म्हणाले, की मग तूही म्हातारी झालीस म्हणायची.

"उतरवायचं का आता?" रंगारीण हारेनने विचारलं. "का अजून एखादं बदक राहिलंय? तुमच्या बदकांपायी आम्ही पार पिकलो, कुवेनदादा."

लोक जमले. माळावर जन्मलेली पोरं वाट काढत पुढे आली. मिओने केस विंचरून घट्ट वेणी घातली होती. आई मला ओळखेल का, असं विचारून सकाळपासून तिने आजोबांना भंडावून सोडलं होतं.

माग कड्याच्या टोकावर उभा होता, त्याचं तोंड बाहेर मोकळ्या आभाळाकडे. चौघा जणांनी तो उचलला आणि हळूहळू लोकांकडे फिरवला.

कापड पांढरं होतं.

कुठे कुठे जरा पिवळट, बाकी सगळं पांढरं. गाव नाही, ओढा नाही, पायरी नाही.

हारेन पुढे झाली. तिने कापडाचा कोपरा बोटांत धरून थोडा उसवला, आतल्या सुताचा टिकलेला रंग वाकून पाहिला, मग वर सूर्याकडे पाहिलं. तिला कळलं, आणि तिच्या तोंडाकडे बघून कुवेननाही कळलं. गेलेली माणसं धुक्यातून येतात आणि कापड आधी तीच बघतात, म्हणून दरीत मागाचं तोंड नेहमी बाहेर ठेवत. पण दरीत ऊन नव्हतंच. तिथे भर उन्हाळ्यातही धुकं हलत नसे. इथे माळावर दिवसभर ऊन भाजून काढत होतं, आणि त्यांनी मागाचं तोंड तसंच बाहेर ठेवलं होतं. धुक्यातल्या रंगाला ते सोसलं नाही. रंग गेला, आणि रंगाबरोबर आवाजही गेला.

"मागच्या बाजूला रंग आहे की अजून," गर्दीतून कुणीतरी म्हणालं. "तीच बाजू पुढे करू."

"मागे गाव नाही," कुवेन म्हणाले. "मागे गाठी आहेत."

पुन्हा विणा, असं कुणीच म्हणालं नाही. गाठोडी कधीच रिकामी झाली होती, आणि धुक्यात कातलेलं सूत आता कुठेच नव्हतं.

लोक हळूहळू पांगले. हारेन जाताना कुवेनच्या खांद्यावर हात ठेवून गेली.

"म्हणजे माझे कान चांगले होते," ते स्वतःशीच म्हणाले.

मिओ तिथेच उभी होती. तिने बराच वेळ कापड वरपासून खालपर्यंत पाहिलं. मग विचारलं, "आजोबा, आई कुठे आहे यात?"

कुवेन उठले. त्यांनी तिचा हात धरला, डोळे मिटले आणि विणीवरून चाचपडत तिची बोटं एका जागी नेऊन टेकवली. तिथे वीण किंचित वर आलेली होती.

"इथे."

मिओने त्या जागेला तोंड लावलं आणि हाक घातली, "ये ये, क्वेऽऽ ये."

माळावरून दोन करडं उड्या मारत आली आणि तिच्या पायांत घुटमळू लागली. मिओने त्यांना हाताने मागे लोटलं, कान कापडाला लावला, आणि थोडं थांबून पुन्हा हाक घातली, आधीपेक्षा मोठ्याने.