शंभराला थोडे कमी

पत्नीने पोटगीचा अर्ज केला, तेव्हा प्रयोगशाळेत नोकरी करणाऱ्या पतीने न्यायालयात एकच मुद्दा मांडला: मुलगी आपली आहे, हे आधी सिद्ध व्हावे. डीएनए चाचणीचा आदेश निघाला. परिचारिकेने गालाच्या आतून कापसाची काडी फिरवली, तेव्हा सात वर्षांची मुलगी श्वास रोखून बसली होती. "बाबांनी तुझी परीक्षा ठेवली आहे, अजिबात हलू नकोस," असे आईने तिला सांगून ठेवले होते.

आज अहवाल वाचला गेला. पितृत्वाची शक्यता ९९.९९ टक्के. पोटगी मंजूर झाली. पती कुणाकडेही न पाहता जिना उतरून गेला.

व्हरांड्यातल्या बाकावरून मुलीने विचारले, "आई, मी पास झाले?"

"हो गं राणी."

"किती मिळाले?"

"शंभराला थोडे कमी."

"मग बाबांचं तोंड एवढंसं का झालं?"

आईने अहवालाची घडी घातली, उलगडली, पुन्हा घातली.

मुलगी सरकून तिच्या कानाशी आली. "त्यांना पुन्हा घ्यायला सांग ना परीक्षा. या वेळी मी मुद्दाम नापास होते."