कपाटातलं खमीर

“जा तळेगावला. पण माझ्या खमिराचा एक गोळाबी मिळणार न्हाई,” उम्मेहानी म्हणाली. “मग बघते तुमचा पाव कसा फुगतो त्ये.”

तळेगावला आपली वेगळी भट्टी लावायची म्हणून विचारायला आलेला मेहबूब आईपुढे खाली मान घालून उभा राहिला. लोणावळ्यातल्या त्या बेकरीत भट्टी कधी पेटवायची इथपासून सुनांनी माहेरी कधी जायचं इथपर्यंत सगळं म्हातारीच ठरवायची. नवऱ्याच्या मागं दोन पोरं काखेत घेऊन तिनं धंदा उभा केला होता, हे खरंच. पण पोरांच्या मिशा पिकायला लागल्या तरी तिच्या लेखी ती अजून काखेतच होती. खमीर तिच्या कपाटात, किल्ली कमरेला. संध्याकाळी ती थोरल्या सुनेच्या हातावर एक गोळा ठेवायची, तेव्हा कुठं पीठ मळलं जायचं.

ती सून, मेहबूबची बायको मेहमुदा, दाराशी उभी होती. नवऱ्याचं पडलेलं तोंड तिला बघवेना. ती एक शब्द बोलली असती तर तिथंच निकाल लागला असता. कारण कपाटातलं खमीर केव्हाच मेलं होतं. एका थंडीत म्हातारी तापानं फणफणली आणि किल्ली मागायची कुणाची छाती झाली नाही. रोजचं ताजं पीठ न मिळाल्यानं खमीर आतल्या आत सडलं. मेहमुदानं मैद्यात दही आणि बडीशेपेचं पाणी घालून आपलं वेगळं खमीर लावलं, चुलीमागं बरणीत जपलं. नवऱ्यालाही पत्ता लागू दिला नाही. तेव्हापासून सासूचा गोळा गुपचूप उकिरड्यावर जायचा, आणि स्टेशनातले गोरे साहेबसुद्धा म्हणायचे, पाव खावा तर उम्मेहानीचा!

शब्द अगदी जिभेवर आले होते. पण जिनं जन्मभर कुणापुढं मान तुकवली नाही, तिला भरल्या घरात उघडी पाडायची? मेहमुदाच्या जिवावर आलं.

“नका दिऊ, अम्मा,” ती म्हणाली. “आमी आमचं बघू.”

दुसऱ्या दिवशी सामान बैलगाडीत चढलं. धाकटा दीर चाँद डोळे पुसत दोर आवळत होता. म्हातारी बाहेर आली नाही. मेहमुदा बरणी पदराखाली घेऊन सलाम करायला आत गेली.

उम्मेहानी खाटेवर बसून होती. तिनं वर बघितलं नाही.

“पोरी,” ती हळूच म्हणाली, “तुज्या बरणीतलं वाईच आमाला ठिवून जा.”