तिघांनी जपून

हल्ली बायको विसरते, वाट चुकते. म्हणून जुनं शहर बघायला आम्हा दोघांपुरताच गाईड घेतला आणि दिवसभर मी तिचा हात सोडला नाही.

गाईड आमच्याकडे तोंड करून उलटा चालायचा. पायरी आली की म्हणायचा, "तिघांनी जपून."

"अहो, तुमचं पोट वेगळं मोजतोय तो," बायको हसली.

मी मागे पाहिलं. कुणी नव्हतं. "तिघं कोण?" असं विचारलं, तर त्याला ती थट्टाच वाटली.

शेवटी तटाखालचा अंधारा बोगदा आला. मी तिचा हात आणखी घट्ट धरला.

उजेडात आल्यावर गाईड थबकला.

"तुम्ही दोघंच? काका, काकू कुठे राहिल्या?"

माझ्या मुठीतल्या हाताने माझी बोटं हळूच दाबली.