समोरची खिडकी

अठ्ठ्याण्णव साली माझ्या तोंडावरून वारं गेलं. डावा गाल लोंबला. समोरची झुंबरबाई हसायची, पण मला उलट हसता येईना. “एवढा कसला ताठा गं, शेवंते?” म्हणाली आणि तिनं बोलणं टाकलं.

वर्षानं ती आपणहून वाटीभर आमटी घेऊन आली. “रोज खिडकीतनं हसतीस, मग मीच किती अडून बसू?”

घरात मी एकटीच. खिडकीत मी कधी उभी राहत नव्हते. पण मैत्रीण परत आली होती, म्हणून गप्प बसले.

काल दुपारी घराला कुलूप लावून तिच्या सोप्यात शेंगा फोडायला बसले. झुंबरनं माझ्या खिडकीकडं बघून हात हलवला.

मग ती माझ्याकडं वळली आणि हळूच मागं सरकली.

“शेवंता तर घरात हाय,” ती म्हणाली. “तू कोन गं?”