टिपणिसांची उत्तरं

"अमेरिकेचं स्वातंत्र्ययुद्ध कशामुळे झालं?" नागरिकत्वाच्या मुलाखतीत अधिकाऱ्याने विचारलं.

करांचा जाच हे निव्वळ निमित्त होतं, असं ठासून सांगणारं चारशे पानी पुस्तक लिहून टिपणिसांनी भल्याभल्यांना अंगावर घेतलं होतं. आज त्यांनी सरकारी पुस्तिकेतलं उत्तर मुकाट्याने दिलं, "करांच्या जाचामुळे." बाकीचीही तशीच दिली आणि पास झाले.

बाहेर बाकावर त्यांची बायको कुमुदिनी बसली होती. तिची मुलाखत शेजारच्या खोलीत उरकली होती.

"मी नापास झाले," ती म्हणाली.

"अगं, पुस्तिका दिली होती ना तुला?"

"ती कशाला वाचू? तुमचं पुस्तक तीनदा टाइप केलंय मी. त्यातलीच उत्तरं दिली. तो चूक म्हणाला, तर मी म्हटलं, पलीकडच्या खोलीत माझे यजमान बसलेत, त्यांना विचारा."